सैन्याचं नाव सांगून पोरींच्या वेण्या कापू नका

मा. संपादक साहेब,
सप्रेम नमस्कार.

मागच्या रविवारी आपल्या पेपरात आतल्या पानावर एका भरती अकॅडमीचा मोठा फोटो आलेला, पोरं टक्कल करून तीन रांगांत उभी आणि पुढच्या रांगेत बारा-तेरा पोरी, त्यांचे पण केस मशीन मारून कानाच्या वर घेतलेले, आणि खाली लिहिलेलं की इथं लष्करी शिस्त पहिल्या दिवसापासून लागते. मी मराठा लाईट इन्फंट्रीत सतरा वर्षं काढली, हवालदार म्हणून पेन्शनवर आलो. तो फोटो बघून मला रात्री झोप लागली नाही म्हणून हे पत्र लिहितोय. त्या फोटोत जे दिसतंय ती लष्करी शिस्त नाही साहेब. सैन्याचा केसांचा नियम मी स्वतः पाळलाय, नव्या पोरांकडून पाळून घेतलाय, तो काय आहे आणि कशासाठी आहे ते मला माहीत आहे.

आधी घरातली गोष्ट सांगतो. माझी भाची, बहिणीची मुलगी, बारावी झाली आणि म्हणाली मामा मला अग्निवीर व्हायचंय, मिलिटरी पोलिसमध्ये. आम्हाला सगळ्यांना आनंद झाला, आमच्या भागात घरटी एक माणूस फौजेत आहे पण पोरगी अजून कुणाची गेली नव्हती. तालुक्याच्या गावी एका अकॅडमीत घातली, तीन महिन्यांची फी आणि मेसचे पैसे आधीच भरून घेतले. पोरीची वेणी कमरेपर्यंत होती. बहीण दर रविवारी शिकेकाईनं तिचं डोकं धुवायची, उन्हात बसवून जटा सोडवायची. हे मी मुद्दाम लिहितोय, कारण केस म्हणजे नुसते केस नसतात, त्यात आईचे किती रविवार गेलेले असतात.

पहिल्याच संध्याकाळी सगळ्या मुलींना ग्राउंडवर रांगेत खाली बसवलं, कुणाला काही विचारलं नाही, वेणी रबरासकट कात्रीनं कापली आणि मग वरून मशीन फिरवलं. का म्हणून एका मुलीनं विचारलं तर तिला सांगितलं की आर्मीचा रूल आहे, आत्तापासून सवय करा, ज्यांना जमत नाही त्यांनी बॅग उचला, फी परत मिळणार नाही. भाचीनं तेवढी स्वतःची वेणी मागून घेतली, बाकीच्या मुलींच्या वेण्या तिथंच राहिल्या, त्या कुठं गेल्या कुणाला माहीत नाही. दारावर येऊन केसावर भांडी देणाऱ्या बायकांना विचारून बघा लांब केसाला काय भाव मिळतो ते.

पोरगी दिवाळीला घरी आली ती डोक्याला ओढणी गुंडाळून, आणि पिशवीत वर्तमानपत्रात बांधलेली वेणी. आमची आई चौऱ्याऐंशी वर्षांची आहे. तिनं लहानपणी गावात लाल आलवणातली विधवा बाई बघितलेली, डोक्याचे केस काढलेली, पहाटे कुणाच्या नजरेस पडू नये म्हणून अंधारात पाण्याला जाणारी. नातीची ओढणी सरकली तशी आई काही बोलली नाही, उठली आणि आत जाऊन देवापुढं बसली. पोरगी तिच्या मागं गेली, आज्जी अगं परत येतील, परत येतील म्हणत. ज्या मुंबईत १८९० साली कामगार पुढारी नारायण मेघाजी लोखंड्यांच्या पुढाकारानं न्हाव्यांनी जमून ठरवलं की आम्ही विधवांच्या डोक्याला वस्तरा लावणार नाही, त्याच महाराष्ट्रात आज अठरा वर्षांच्या पोरीला न विचारता तिच्या डोक्याला मशीन लावतात, आणि वर त्याला शिस्त म्हणतात. हे मला सहन होत नाही.

आता सैन्यातलं सांगतो. मी भरती झालो तेव्हा बेळगावला सेंटरमध्ये पहिल्याच दिवशी आमचे केस गेले. झाडाखाली चार न्हावी, चार खुर्च्या, एका पोराला दोन मिनिटं. खाली काळ्या केसांचा ढीग, त्यावरनं चालत पुढचा येऊन बसायचा. माझ्याच गावचा पोरगा शेजारून उठला आणि मी त्याला ओळखलंच नाही. रडू आलं होतं, खोटं कशाला बोलू. पण त्या दिवशी मी भरती झालेलो होतो, मेडिकल झालेलं होतं, कागदावर सही केलेली होती, मी सरकारचा माणूस होतो आणि सरकार माझ्या डोक्याला पण जबाबदार होतं. नंतर उस्ताद, म्हणजे आम्हाला शिकवणारे, दर आठवड्याला टर्न आऊट, म्हणजे कपडे-केस नीट आहेत का ते बघायचे तेव्हा कानाच्या वर बोटाची चिमटी लावून बघायचे, चिमटीत केस आला की परत न्हाव्याकडं. मी स्वतः उस्ताद झालो तेव्हा मी पण तसंच बघायचो. पण कुणाच्या केसावरनं कुणाला हिणवलं नाही, आणि एकाही रिक्रूटला का विचारलंस म्हणून घरी पाठवलं नाही.

आणि का विचारलं तर उत्तर असायचं. साठ पोरं एका बराकीत, आंघोळीला पाच मिनिटं, एकाच्या डोक्यात उवा झाल्या की आठ दिवसात सगळ्यांच्या डोक्यात. डोक्याला जखम झाली तर टाका घालायला जागा दिसायला पाहिजे. हेल्मेट आणि बुलेटप्रूफ पटका, म्हणजे डोक्याला बांधायचं गोळी अडवणारं कवच, तो अडीच किलोचा पटका, डोक्यावर हलता कामा नये. दाढीचं कारण तर अजून सरळ आहे, गॅसचा मास्क चेहऱ्याला चिकटून बसला पाहिजे, कडेला दाढीचे केस आले की फट राहते आणि त्या फटीतनं गॅस आत येतो. १९१५ साली बेल्जियममध्ये ईप्रला जर्मनांनी क्लोरीन सोडला तेव्हापासून जगातल्या सगळ्या फौजांना हे कळलंय, आपले हिंदुस्थानी शिपाई पण त्या मोर्चावर होते.

जिथं ते कारण नाही तिथं सैन्य स्वतःच ढील देतं. मी सियाचीनला पोस्टवर तीन महिने होतो. तिथं दाढी कोण करणार, पाणी म्हणजे बर्फ वितळवलेलं, तेलाचा एकेक थेंब मोजून वापरायचा, आणि गाल कापला तर जखम लवकर भरत नाही. सगळ्यांच्या दाढ्या चांगल्या वाढलेल्या, आमच्या मेजर साहेबांची पण. खाली बेस कॅम्पला आलो की पहिला नंबर न्हाव्याचा. पॅरा कमांडो काश्मीरमध्ये दाढ्या ठेवून फिरतात ते सगळ्यांनी फोटोत बघितलंय, तिथं लोकांत मिसळणं हेच काम आहे. म्हणजे केस कामाच्या मागनं जातात.

मला पेन्शन झाल्यावर वाचायची आवड लागली, म्हणून थोडं जुनं पण सांगतो. १८०६ च्या जुलैत वेल्लोरच्या किल्ल्यात इंग्रजांच्या मद्रास आर्मीच्या शिपायांनी उठाव केला, १८५७ च्या एक्कावन्न वर्षं आधी. त्याच्या आधी सरसेनापती क्रॅडॉकनं हुकूम काढलेला की परेडवर कपाळाला गंध नको, कानात बाळी नको, दाढी काढा, मिशा सगळ्यांच्या एका मापाच्या, आणि चामड्याचा तुरा लावलेली नवी टोपी घाला. शिपायांना वाटलं आपला धर्म बुडवतायत. जे विरोधात बोलले त्यांना फटके मारले. मग १० जुलैच्या पहाटे जे व्हायचं ते झालं, दोन्हीकडची माणसं मेली, आणि क्रॅडॉकला आणि मद्रासचा गव्हर्नर बेंटिंकला दोघांनाही परत बोलावून घेतलं. हुकूम पण मागं घेतला. माणसाच्या केसाला हात घालताना त्याला विचारात घ्यावं लागतं हे इंग्रजांना तेव्हा महागात पडून कळलं.

त्याच इंग्रजांच्या स्वतःच्या फौजेत उलटा नियम होता. हनुवटी गुळगुळीत करायची पण वरच्या ओठाला वस्तरा लावायचा नाही, म्हणजे मिशी सक्तीची. पहिलं महायुद्ध अर्धं होईपर्यंत तो टिकला, १९१६ च्या ऑक्टोबरमध्ये जनरल मॅकरेडीनं सही करून तो काढून टाकला. आणि आत्ता २०२४ च्या मार्चमध्ये त्यांनी आर्मीत दाढीला पण परवानगी दिली, पण माप देऊन, अडीच मिलिमीटरपेक्षा कमी नाही आणि साडेपंचवीसपेक्षा जास्त नाही, पूर्ण भरलेली पाहिजे, मधे-मधे विरळ राहिलेली चालणार नाही, आणि जिथं गॅसचा धोका आहे तिथं हुकूम झाला की काढायची. बघा म्हणजे शंभर वर्षांत नियम पूर्ण फिरला पण प्रत्येक वेळी लिहून फिरला.

बायकांच्या केसांचं तर अमेरिकेचं उदाहरण सगळ्या अकॅडमीवाल्यांनी वाचायला पाहिजे. तिथं लांब केस असलेल्या बायकांना घट्ट अंबाडा बांधणं भाग होतं. आता जमिनीवर पालथं पडून फायर करायचं, आम्ही त्याला लाईंग पोझिशन म्हणतो, त्यात मान वर उचलून रायफलच्या साईटमधून नेम धरायचा असतो. मागं अंबाडा असला की मान वर केली की हेल्मेटची मागची कड अंबाड्यावर टेकते आणि पुढची कड डोळ्यावर येते, निशाणच दिसत नाही. शिवाय रोज ओढून बांधल्यानं कपाळावरचे केस जायला लागले. मग २०२१ मध्ये त्यांनी नियम बदलला, वेणी किंवा पोनीटेल पाठीवर सोडायला परवानगी दिली. म्हणजे जगातल्या सगळ्यात मोठ्या फौजांपैकी एक, तिनं नेम नीट लागावा म्हणून वेणी सोडू दिली, आणि आमच्या तालुक्याच्या अकॅडमीत रायफल कुणी बघितलेली नाही तिथं वेणी कापतात.

आपल्याकडं पण सगळं लिहिलेलं आहे. शीख जवानाला केस आणि दाढी आहे, २०२३ मध्ये तर त्यांच्या जुड्याला, म्हणजे डोक्यावर बांधलेल्या केसांच्या गाठीला, जागा राहील असं हेल्मेट घ्यायचं ठरलं, बारा हजारच्या वर, आणि त्यावर शीख समाजातून विरोध पण झाला, चर्चा झाली, ते बरोबरच आहे. नेव्हीत दाढी ठेवता येते पण परवानगी काढून, आणि ठेवायची तर मिशीसकट पूर्ण ठेवायची. कुलाब्याला फिरताना दिसतात तसे नौसैनिक. एअरफोर्समध्ये दाढीवरून एक प्रकरण थेट सुप्रीम कोर्टात गेलं, १५ डिसेंबर २०१६ ला निकाल लागला, सरन्यायाधीश ठाकूर यांच्या खंडपीठानं सांगितलं की एअरफोर्सचा नियम भेदभाव करायला नाही तर सगळे एकसारखे दिसावेत म्हणून आहे आणि तो योग्य आहे. निकाल कुणाला पटो न पटो, पण त्या जवानाला कोर्टात जाता आलं, कारण नियम कागदावर होता, नंबर होता, सही करणारा होता. माझ्या भाचीनं कुणाच्या विरुद्ध कुठं जायचं? तिचे केस ज्या रूलनं कापले तो रूल कुठल्या पुस्तकात आहे ते मला त्या अकॅडमीवाल्यानं दाखवावं.

कारण आपल्या फौजेत बायका लांब केस ठेवून नोकरी करतात. गेल्या वर्षी, म्हणजे २०२५ च्या मे महिन्यात, ऑपरेशन सिंदूरच्या वेळी टीव्हीवर कर्नल सोफिया कुरेशी आणि विंग कमांडर व्योमिका सिंग रोज देशाला माहिती द्यायला यायच्या, अख्ख्या गावानं त्यांना बघितलं, केस मागं घट्ट बांधून बसवलेले, एक केस इकडं तिकडं नाही. त्यांच्याकडं बघून कुणाला वाटलं का की शिस्त कमी आहे? त्याच महिन्यात ३० तारखेला आपल्या पुण्यात खडकवासल्याला एनडीएतनं, म्हणजे राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीतनं, पहिल्या सतरा मुली पास आऊट झाल्या. ट्रेनिंगमध्ये केस बारीक ठेवायला सांगितले तर माझी काही तक्रार नाही, तिथं पहाटे चारला उठून रात्री दहापर्यंत दम काढतात, केस विंचरायला वेळ कुठाय, आणि ती मुलगी तोवर निवडून आलेली असते, तिला माहीत असतं आपण कशासाठी काय देतोय. देणं आणि काढून घेणं यात फरक आहे.

भरतीला काय लागतं ते पण सांगतो, म्हणजे पालकांना कळेल. महिला अग्निवीर जनरल ड्युटीला आधी ऑनलाईन लेखी, मग रॅलीत १.६ किलोमीटर धावणं, साडेसात मिनिटांत आली तर पहिला गट, आठ मिनिटांत दुसरा. लांब उडी दहा फूट, उंच उडी तीन फूट. उंची १६२ सेंटीमीटर. मग मेडिकल, कागदपत्रं. पोलीस भरतीला मुलींना शंभर मीटर, आठशे मीटर आणि चार किलोचा गोळा. यात केस किती इंच हा कॉलम कुठंच नाही. मुलांना नीट कटिंग आणि क्लीन शेव्ह करून या म्हणतात, टक्कल करून या असं मी सतरा वर्षांत कुठल्या रॅलीत ऐकलेलं नाही, आणि रॅलीला ड्युटी मी स्वतः केलीय. तिथं छातीवरचा नंबर बघतात, घड्याळ बघतात, गुडघे बघतात, कान बघतात, दात बघतात. केसाला मार्क नाहीत.

मी त्या अकॅडमीच्या सरांना फोन केला होता, चांगल्या शब्दात. माजी सैनिक आहे म्हणून सांगितलं. ते म्हणाले हवालदार साहेब रिझल्ट बघा आमचा, आणि आजपर्यंत एकाही पालकाची तक्रार नाही. तक्रार कशी येईल, फी गेलेली आहे, पोरीचं करिअर त्यांच्या हातात आहे असं आईबापाला वाटतंय, आणि वर फौजेचं नाव घेतलंय, आमच्याकडं फौजेच्या नावापुढं कुणी उलटा शब्द काढत नाही. त्या विश्वासावरच तर हे चाललंय. दुसरं कारण त्यांनी दिलं की हॉस्टेलला उवा होतात. होतात ना, मान्य, मग फणी आणा, औषध आणा, आठवड्याला एक सुट्टीचा दिवस डोकं धुवायला द्या, एका बाथरूममध्ये चाळीस पोरी घालू नका. आणि तरी एखादीला वाटलं बारीक करावेत तर तिनं स्वतः सांगावं, घरी फोन करून सांगावं, आणि बाईच्या हातनं कापून घ्यावेत. ग्राउंडवर पोरांच्या देखत नाही.

अजून एक गोष्ट कुणी बोलत नाही. अकॅडमीत शंभर पोरी असतील तर फौजेत जाणार त्यातल्या थोड्या, महिला मिलिटरी पोलिसमध्ये पहिली तुकडी २०२१ ला बेंगलोरला पास आऊट झाली ती त्र्याऐंशी जणींची होती, अख्ख्या देशातनं. बाकीच्या घरी येणार. पोराचं टक्कल दोन महिन्यात भरून निघतं. पोरीचे केस महिन्याला अर्धा इंच वाढतात, कमरेपर्यंत वेणी यायला चार-पाच वर्षं लागतात, तेवढ्यात अग्निवीराची चार वर्षांची नोकरी पण संपते. मधल्या काळात तिला गावात काय काय ऐकावं लागतं ते मी भाचीच्या बाबतीत ऐकलंय. एसटीत बायका विचारतात काय आजार झाला होता का, लग्नाला गेलं की पाहुणे आईला बाजूला घेऊन विचारतात. पोरगी खमकी आहे, ती उत्तर देते. सगळ्या पोरी तशा नसतात. तिच्याबरोबरच्या दोघींनी तर भरतीचा नादच सोडला, त्यातली एक तिच्यापेक्षा चांगली पळायची.

आम्ही भाचीला त्या अकॅडमीतनं काढली. आता सकाळी पाचला मी घड्याळ घेऊन माळावर जातो, ती आणि गावातल्या चार पोरी पळतात, दोघींच्या वेण्या आहेत, गुंडाळून वर क्लिप मारतात, काही अडत नाही. भाची गेल्या आठवड्यात ७ मिनिटं १० सेकंदात आली.

संपादक साहेब, माझं आपल्याकडं एकच मागणं आहे. आपल्या पेपरात दर रविवारी या अकॅडमींच्या जाहिराती येतात, अर्ध्या पानाच्या, तुमचा तो धंदा आहे, बंद करा असं मी म्हणणार नाही. पण त्या पानावरच एक छोटी चौकट टाका, भरतीला धावणं किती, उंची किती, कागदं कोणती, आणि त्याखाली ठळक अक्षरात एक ओळ की भरतीच्या आधी मुलींचे केस कापायचा सैन्याचा कुठलाही नियम नाही. ती ओळ खरी आहे की नाही ते तुमच्या बातमीदाराकरवी जवळच्या आर्मी भरती कार्यालयात विचारून घ्या, मग छापा. आमच्या गावात पेपर चावडीवर मोठ्यानं वाचतात.

आपला,
एक माजी हवालदार, मराठा लाईट इन्फंट्री
जि. सातारा